लढाऊ वैमानिक: किती तासांत तयार, कशाने खलास, आणि वाचला तर पुढे काय?

पिंपळपान

दुसऱ्या महायुद्धातल्या लढाऊ वैमानिकांचा विषय निघाला की गाडी लगेच ‘कोणी किती पाडली’ यावर जाते. या धाग्यात ते नको. वीस-बावीस वर्षांचा साधा वैमानिक घ्या. त्याला काय शिकवलं, काय शिकवायचं राहिलं आणि राहिलेल्याची किंमत त्याने कुठे मोजली, तेवढंच बोलू. सुरुवात ब्रिटिश हवाई दलापासून.

पहिली पायरी टायगर मॉथ. कापडाने मढवलेलं दुपंखी विमान, ब्रेक नाहीत, रेडिओ नाही. पुढे शिक्षक, मागे विद्यार्थी, आणि बोलायला एक रबरी नळी. दहा-बारा तासांत एकट्याने उडता आलं नाही तर बहुधा नाव कटायचं. साधारण ५० तास झाले की हार्वर्ड किंवा माइल्स मास्टर. आत ओढली जाणारी चाकं आणि पात्यांचा कोन बदलणारा पंखा इथे पहिल्यांदा हाताशी यायचा. त्यानंतर ओटीयू, म्हणजे खऱ्या लढाऊ विमानाचं प्रशिक्षण युनिट.

तिथे स्पिटफायर मिळायचं, आणि स्पिटफायरला दुसरी सीटच नव्हती. म्हणजे त्या विमानातलं पहिलं उड्डाण एकट्याचंच. उपाय म्हणून पोराला डोळे बांधून कॉकपिटमध्ये बसवत. शिक्षक पंखावर उभा राहून एकेका दांड्याचं नाव घेई आणि याने चाचपडत हात बरोबर तिथेच न्यायचा. हे पक्कं झाल्याशिवाय इंजिन चालू नाही.

तरीही उड्डाण घेतानाची फजिती ठरलेली. सुरुवातीच्या स्पिटफायरला चाकं वर घ्यायला हातपंप होता, तोही उजव्या बाजूला. जमीन सुटली की थ्रॉटलवरचा (इंजिनाची ताकद कमी-जास्त करणाऱ्या दांड्यावरचा) डावा हात जॉयस्टिकवर आणायचा आणि उजव्याने पंप मारायचा. उजवा हात पुढे-मागे होतो तसा डावाही नकळत हलतो, आणि विमान लाटेवरच्या होडीसारखं डुचमळत वर चढतं. खालून बघणाऱ्याला कळायचं की नवीन गडी आहे. त्यात थ्रॉटलचा घर्षणाचा नट आधी आवळला नसेल तर हात काढताच थ्रॉटल आपोआप मागे सरकायचा. चाकं अर्धी वर, वेग पडलेला, समोर झाडं.

१९४० च्या उन्हाळ्यात ओटीयूचा कोर्स काही आठवड्यांवर आणला. काही जण स्पिटफायरवर जेमतेम १०-१५ तास करून स्क्वाड्रनमध्ये पोचले. विमान उडवता येत होतं, लढता येत नव्हतं. माझ्या मते सगळा घोळ इथे आहे.

रडरपेडल

चांगला धागा. जमिनीवरच्या भानगडींची भर घालतो.

स्पिटफायरचं नाक इतकं लांब की जमिनीवर असताना समोरचं काहीच दिसत नाही. त्यामुळे नागमोडी जायचं, एकदा डावीकडून बघायचं, एकदा उजवीकडून. पण त्यात वेळ जातो आणि इंजिन तापतं, कारण मार्क १ चा रेडिएटर उजव्या पंखाखाली आणि उघडलेल्या चाकाचा पाय बरोबर त्याच्या हवेच्या वाटेत. रांगेत पाच-सहा विमानं पुढे असली तर काटा बघत बसायचं. घाईने ब्रेक दाबले तर शेपूट उचलली जाऊन पंखा जमिनीत. उतरतानाही सरळ येऊन चालत नाही. शेवटपर्यंत वळत यायचं, म्हणजे निदान बाजूने धावपट्टी दिसते.

जर्मन मेसरश्मिट १०९ चं दुखणं वेगळं. चाकांमधलं अंतर कमी आणि पाय बाहेरच्या बाजूला फाकलेले. एक चाक जरा जास्त टेकलं की विमान जागेवर गिरकी घेतं आणि पंख घासतो. नवख्यांनी शत्रूची गोळी न लागता कितीतरी विमानं अशीच मोडली.

सवयीचा धोका जुन्यांनाही. मर्लिन इंजिनाचं स्पिटफायर उड्डाणाच्या वेळी डावीकडे ओढतं, म्हणून रडरचा ट्रिम (शेपटीच्या सुकाणूला एका बाजूला दाब देणारी सोय) पूर्ण उजवीकडे लावायचा. पुढे ग्रिफन इंजिन आलं, त्याचा पंखा उलट फिरतो. दोनशे तास मर्लिनवर काढलेल्याचा हात आपसूक उजवीकडे ट्रिम लावून मोकळा, आणि विमान गवतात.

तिरकाडोळा

पिंपळपान, ‘लढता येत नव्हतं’ म्हणजे नेमकं काय, तर दोन गोष्टी: बघणं आणि नेम. आधी बघणं.

ब्रिटिशांची लढाईपूर्व रचना म्हणजे तिघांचा बाण. पुढे म्होरक्या, दोन बाजूंना दोघे, अंतर अगदी कमी. संचलनात देखणं दिसतं. पण बाजूच्या दोघांचे डोळे म्होरक्याच्या पंखाच्या टोकाला चिकटलेले, नाहीतर टक्कर. म्हणजे तिघांत मिळून आकाश बघणारा एकच. यावर तोडगा म्हणून सगळ्यात मागे एकाला इकडून तिकडे झोकांड्या खात राखण करायला ठेवलं. हे काम बऱ्याचदा नवख्याच्या गळ्यात, आणि पहिला मरायचाही तोच. वळणावळणाने जायचं म्हणजे पेट्रोल जास्त, तो मागे पडणार, आणि मागे पडलेलाच आधी टिपला जाणार.

जर्मनांनी हे स्पेनच्या यादवीत सोडवलं होतं. वेर्नर म्योल्डर्सने जोडी हा पाया धरला: एक मारणारा, एक राखणारा. दोन जोड्या मिळून चौघे, हाताच्या चार बोटांच्या टोकांसारखे पसरलेले, अंतर भरपूर. टक्कर होण्याची भीती नाही, त्यामुळे चौघांनाही मान फिरवायला मोकळीक. ब्रिटिश स्क्वाड्रन हे हळूहळू शिकल्या, १९४१ पर्यंत बऱ्याच ठिकाणी रूढ झालं.

बघण्याचीही पद्धत असते. रिकाम्या निळ्या आकाशाकडे टक लावली की डोळा आपोआप एक-दोन मीटरवर स्थिरावतो. समोर विमान असूनही दिसत नाही. म्हणून मधूनमधून पंखाचं टोक, लांबचा ढग असं काहीतरी पकडून नजर लांब लावायची आणि मग आकाशाचा एकेक तुकडा तपासायचा. सूर्याकडे बघताना अंगठा त्यावर धरायचा आणि कडेने बघायचं. रेशमी रुमाल गळ्यात असायचा तो ऐट म्हणून नव्हे. तासभर मान गरागरा फिरवली की ताठ कॉलरने कातडं सोलवटतं. शिवाय समुद्रात पडलात तर भिजलेली कॉलर आवळत जाते, म्हणून बरेच जण कॉलर-टाय घालायचेच नाहीत.

गणितमास्तर

+१. आता नेमाकडे.

स्पिटफायर मार्क १ ला .३०३ च्या आठ ब्राउनिंग, प्रत्येकीला ३०० गोळ्या. घोडा दाबून धरला तर सगळा खेळ साधारण १५ सेकंदांत आटोपतो. म्हणून दोन-तीन सेकंदांचेच झटके द्यायचे.

आता हिशोब करा. शत्रू समोरून आडवा जातोय, ताशी ३०० मैल, म्हणजे सेकंदाला १३४ मीटर. अंतर २५० यार्ड, म्हणजे २३० मीटर. गोळीचा सरासरी वेग ७०० मीटर धरा. पोचायला एक तृतीयांश सेकंद. तेवढ्यात तो ४४ मीटर पुढे गेलेला असतो. मेसरश्मिट १०९ ची लांबी नऊ मीटरच्या आतबाहेर, म्हणजे विमानाच्या पुढे पाच लांब्या नेम धरायचा! नवखा एक किंवा दोन लांब्या धरतो आणि सगळ्या गोळ्या शेपटीमागून जातात. अंतर ६०० यार्ड असेल तर हाच आकडा शंभर मीटरच्या पुढे जातो. त्यामुळे जुने लोक एकच गोष्ट घोकायला लावत: मागून जा, जवळ जा, आणखी जवळ जा.

अंतराचा अंदाज हेही मोठं दुखणं. नवख्याला ६०० यार्डावरचं विमान २०० वर वाटतं. यासाठी जीएम २ साइटला, म्हणजे नेम धरायच्या काचेच्या यंत्राला, दोन फिरवायच्या चकत्या होत्या. एकीवर शत्रूच्या पंखांची रुंदी फुटांत लावायची, दुसरीवर हवं ते अंतर. काचेवर उजेडाची आडवी रेघ दिसते, मधे तुटलेली. शत्रूचे पंख त्या फटीत बरोबर बसले की अंतर आलं. मेख अशी की १०९ चे पंख ३२ फूट आणि हाइंकेल १११ बॉम्बरचे ७४. चकती बॉम्बरवर ठेवून १०९ च्या मागे लागलात तर फट भरायची वाट बघता बघता त्याच्या शेपटीत घुसाल. उलट केलंत तर दुपटीहून जास्त अंतरावरून गोळ्या उधळाल. साइटमधला दिवा जायचा, म्हणून जादा दिवे कॉकपिटमध्येच ठेवलेले असत.

आठही बंदुकांच्या धारा कुठे एकत्र याव्यात हाही वाद होता. अधिकृत अंतर जास्त होतं. सेलर मलान या स्क्वाड्रनमधल्या मुरलेल्या वैमानिकासारख्यांनी ते २५० यार्डावर आणलं आणि पुढे तेच सगळीकडे झालं.

१९४४ मध्ये जायरो साइट आली. ती पुढचा नेम आपोआप दाखवायची. थ्रॉटलची मूठ पिळून अंतर लावायचं आणि ठिपका क्षणभर शत्रूवर स्थिर धरायचा. हात झटके देणारा असेल तर ठिपकाही भरकटतो, तेवढंच पथ्य.

मिसफायर

मास्तरांनी गोळ्यांचं सांगितलं, मी इंजिनाचं सांगतो, कारण यावर अर्धवट माहिती फार फिरते.

१०९ च्या इंजिनात पेट्रोल थेट सिलिंडरमध्ये फवारलं जायचं. मर्लिनला पेट्रोल-हवा मिसळणारा कार्ब्युरेटर, त्यात पेट्रोलची पातळी राखणारा तरंगता गोळा. जर्मन वैमानिक नाक सरळ खाली ढकलून निसटायचा. मागच्या स्पिटफायरने तेच केलं की पेट्रोल कार्ब्युरेटरच्या वाटीत वर उसळायचं, खालची तोंडं कोरडी पडायची आणि इंजिन गचकायचं. इथपर्यंत सगळ्यांना ठाऊक असतं. खरा त्रास त्यापुढचा. गोळाही जागा सोडतो, पंप पूर्ण दाबाने पेट्रोल कोंबत राहतो, आणि आता इंजिन बुडतं. मागे काळ्या धुराचा लोट. तोवर १०९ अर्धा मैल पुढे.

वैमानिकांची युक्ती: नाक ढकलायचं नाही. विमान उलटं करायचं आणि जॉयस्टिक ओढून डाइव्ह मारायची. पेट्रोल वाटीच्या तळालाच राहतं. फक्त त्यात एखादा सेकंद जातो. १९४१ च्या सुरुवातीला बिअट्रिस शिलिंग या इंजिनिअर बाईंनी पेट्रोलच्या वाटेत मोजक्या भोकाची एक छोटीशी चकती बसवली. पूर्ण ताकदीला लागेल तेवढंच पेट्रोल जाणार, जास्त नाही. म्हणजे बुडणं बंद. विमान कारखान्यात न्यायची गरज नाही, एअरफील्डवरच काम. पूर्ण इलाज पुढे नव्या कार्ब्युरेटरने झाला.

१०९ वाल्यांनाही सुख नव्हतं. टाकी ४०० लिटरची. इंग्लिश खाडी ओलांडून लंडनवर पोचलं की लढायला वीसेक मिनिटं. पेट्रोलचा लाल दिवा लागला की समोर सोपं सावज असलं तरी परत फिरायचं. न फिरलेले खाडीत.

पिंपळपान

मिसफायर, मस्त! त्या चकतीचं इतकं सोपं स्पष्टीकरण पहिल्यांदाच वाचलं. उंचीचं कोणी लिहिणार का? ऑक्सिजन, थंडी वगैरे.

उणेपंचेचाळीस

आयडीच तशी घेतली आहे, तेव्हा मलाच लिहायला हवं. तीस हजार फुटांवर बाहेर साधारण उणे ४५ अंश.

ऑक्सिजन कमी पडला की गुदमरत नाही, तीच भानगड. छान वाटायला लागतं. उगाच आत्मविश्वास येतो, आकडे लागत नाहीत आणि मग डोळ्यांपुढे अंधार. नळीचा जोड निसटलाय हे कळायला जे डोकं लागतं तेच आधी बंद पडतं. म्हणून ठरावीक वेळाने नळी हाताने चाचपायची सवय लावत. रेडिओवर कोणी असंबद्ध बोलायला लागला तर बाकीच्यांनी ओरडून त्याला खाली न्यायचं.

थंडीने बंदुकाही गोठायच्या. आत ओलावा शिरू नये म्हणून पंखातल्या भोकांवर लाल कापडाच्या पट्ट्या चिकटवत. पहिलीच गोळी पट्टी फाडून बाहेर. परतणाऱ्या विमानाच्या त्या उघड्या भोकांतून वारा शीळ घालायचा. विमान उतरण्याआधीच जमिनीवरच्या माणसांना कळायचं की गोळीबार झालाय, आणि ते गोळ्यांचे पट्टे घेऊन धावायचे. हरिकेन या दुसऱ्या ब्रिटिश लढाऊ विमानाच्या प्रत्येक पंखात चार-चार बंदुका एका जागी, त्यामुळे झाकण उघडलं की काम पटापट. स्पिटफायरच्या पंखभर विखुरलेल्या. हात जास्त लागायचे.

उंचावरून वेगाने खाली आलं की गार पडलेल्या काचेवर आतून धुकं धरतं. नेमकं लढाईच्या वेळी. हातमोजाने पुसायचं, दुसरं काय.

खालीबघ

विमान सोडायची वेळ आली तर क्रम असा: झाकण मागे सरकवा, रेडिओची तार आणि ऑक्सिजनची नळी काढा, सीटच्या पट्ट्यांची पिन ओढा, विमान उलटं करा, जॉयस्टिक पुढे ढकला. माणूस आपोआप बाहेर फेकला जातो. चूक कुठे व्हायची? तार काढायची राहायची आणि डोकं कॉकपिटला बांधल्यासारखं व्हायचं. किंवा घाबरून सीटच्या पिनऐवजी पॅराशूटचं कुलूप फिरवलं जायचं. त्यानंतर उडी मारण्यात अर्थ नाही.

आग लागली तर हे सगळं काही सेकंदांत. स्पिटफायरची ८५ गॅलनची टाकी वैमानिकाच्या पुढ्यात, हरिकेनची २८ गॅलनची राखीव टाकीही तशीच. भडका सरळ तोंडावर आणि हातांवर. झाकण सरकवलं की वारा ज्वाळा आणखी आत खेचतो. गरम होतं म्हणून हातमोजे काढलेले, चष्मा कपाळावर चढवलेला, अशांचे हात आणि पापण्या गेल्या.

समुद्रात पडलेल्यांचं १९४० मध्ये आणखी वाईट. जर्मनांकडे प्रत्येकाला फुगवायची रबरी होडी आणि पाणी रंगवायची पूड. ब्रिटिश लढाऊ वैमानिकाकडे फक्त जाकीट. एकट्याची होडी १९४१ मध्ये आली.

जखमजोड

भाजलेल्यांचं पुढे काय झालं ते लिहितो, कारण ‘नंतरचं आयुष्य’ तिथूनच सुरू होतं.

तेव्हा भाजल्यावर टॅनिक अॅसिड लावत. त्याची कडक खपली धरते. पोट-पाठीला ठीक, पण बोटं आकसून पंज्यासारखी होतात आणि पापण्या ओढल्या जातात. ईस्ट ग्रिन्स्टेडच्या क्वीन व्हिक्टोरिया हॉस्पिटलात प्लास्टिक सर्जन आर्चिबाल्ड मॅकिंडो यांच्या लक्षात आलं की समुद्रात पडलेल्यांच्या जखमा बऱ्या भरतायत. त्यांनी टॅनिक अॅसिड बंद केलं आणि कोमट मिठाच्या पाण्याचे टब आणले. नाकासाठी खांद्याची किंवा पोटाची कातडी एका टोकाला जोडलेली ठेवून नळीसारखी वळवायची, दुसरं टोक चेहऱ्यावर शिवायचं, रक्तपुरवठा जमला की मूळ टोक कापायचं. एकेका माणसावर वीस-तीस शस्त्रक्रिया, वर्षानुवर्षं.

मॅकिंडोंनी वॉर्डात दवाखान्याचे निळे कपडे बंद केले, बिअर ठेवली आणि गावकऱ्यांना सांगितलं की ही पोरं बाहेर फिरतील, टक लावून बघू नका. रुग्णांनी १९४१ मध्ये गिनीपिग क्लब काढला. शेवटी सभासद ६४९. खजिनदार असा निवडला की ज्याचे पाय भाजलेत, म्हणजे पैसे घेऊन पळता येणार नाही. चिटणीस बोटं भाजलेला, म्हणजे सभेचा वृत्तांत लांबणार नाही.

वॉपिटी

आपल्याकडचं कोणीच लिहीत नाही म्हणून.

भारतीय हवाई दल १९३२ चं, पहिलं विमान वेस्टलंड वॉपिटी. युद्धात प्रशिक्षणाची साखळी इथेच उभी राहिली: लाहोरजवळ वॉल्टनला सुरुवातीचं शिक्षण, बेगमपेट आणि जोधपूरला टायगर मॉथ, अंबाल्याला पुढचं, रिसालपूरला हरिकेनचं ओटीयू. १९४० मध्ये २४ भारतीय वैमानिक थेट ब्रिटनला गेले. त्यातले महिंदर सिंग पुज्जी तिथे हरिकेनवर लढले, पुढे ब्रह्मदेशात डीएफसी हे शौर्यपदक मिळवलं.

ब्रह्मदेशात आपल्या हरिकेनचं मुख्य काम टेहळणी. जोडीने जायचं. पुढचा जमिनीकडे बघणार: वाटा, पूल, झाडीतला धूर. मागचा फक्त आकाशाकडे. दोघांनीही खाली बघितलं की संपलं. जपानी ऑस्कर लढाऊ विमान फार हलकं, त्याच्याशी वळणात स्पर्धा करायची नाही. झाडांच्या शेंड्यांना चिकटून सरळ पळायचं. मेहर सिंग यांच्या ६ नंबर स्क्वाड्रनला ‘चौदाव्या सेनेचे डोळे’ म्हणत. हेच मेहर सिंग १९४८ मध्ये डाकोटा हे मालवाहू विमान घेऊन लेहच्या कच्च्या पट्टीवर पहिल्यांदा उतरले. इंफाळला १ नंबर स्क्वाड्रन चालवणारे अर्जन सिंग पुढे हवाई दलप्रमुख आणि २००२ मध्ये मार्शल झाले.

गणितमास्तर

पिंपळपान यांच्या मूळ मुद्द्याकडे येतो. शिकवायला वेळ कोणाकडे होता? १९४४ च्या उत्तरार्धात नवा जर्मन वैमानिक साधारण ११० तासांवर आघाडीवर यायचा, ब्रिटिश आणि अमेरिकन तीनशेच्या पुढे. कारण एकच नाही. स्टालिनग्राडच्या पुरवठ्यासाठी उड्डाणशाळांतले शिक्षक आणि विमानं काढून नेली, आणि १९४४ च्या मे महिन्यापासून कृत्रिम पेट्रोलचे कारखाने बॉम्बफेकीत गेले. शिकवायला माणूस नाही, पेट्रोल नाही. जर्मनी आणि जपानने मुरलेल्यांना मरेपर्यंत आघाडीवर ठेवलं. ब्रिटिश साधारण २०० तासांची फेरी झाली की वैमानिकाला शिकवायला पाठवत. नवख्याला ‘आणखी जवळ जा’ हे जगून आलेल्याकडून ऐकायला मिळत होतं.

मिसफायर

सहमत, पण शिकवायला पाठवणं म्हणजे सुरक्षित असं नाही. अमेरिकेत नुसत्या मायदेशातल्या अपघातांत सुमारे १५ हजार वायुसैनिक गेले. अमेरिकन वैमानिक रिचर्ड बाँगला ४० विमानं पाडल्यावर घरी आणलं आणि ६ ऑगस्ट १९४५ ला नव्या पी-८० जेटच्या उड्डाणात तो गेला. मुख्य पेट्रोल पंप बंद पडला, जोडपंपाची कळ चालू नव्हती.

जखमजोड

वाचलेल्यांची वाट कुठे कुठे गेली ते बघा. ब्रिटिश वैमानिक स्टॅनफर्ड टक यांनी अळंबीची शेती केली. मलान दक्षिण आफ्रिकेत परतले आणि वर्णभेदी सरकारविरुद्ध माजी सैनिकांच्या ‘टॉर्च कमांडो’चे अध्यक्ष झाले. पोलंडचे स्कालस्की ब्रिटिशांकडून लढून मायदेशी गेले, १९४८ मध्ये हेरगिरीच्या आरोपाखाली पकडले गेले, फाशीची शिक्षा झाली आणि १९५६ मध्ये सुटले. जर्मन वैमानिक हार्टमान १९५५ पर्यंत रशियन कैदेत. परतल्यावर पश्चिम जर्मनीच्या हवाई दलात गेले आणि स्टारफायटर विमानाला विरोध करून वरिष्ठांच्या डोळ्यांत खुपले.

जर्मनीचेच स्टाइनहॉफ १८ एप्रिल १९४५ ला मेसरश्मिट २६२ जेटच्या उड्डाणात भाजले. पापण्या गेल्या. डोळे मिटता येत नसताना ते पश्चिम जर्मनीचे हवाई दलप्रमुख झाले. नव्या पापण्या त्यांना साठच्या दशकाच्या अखेरीस एका ब्रिटिश सर्जनने करून दिल्या.

वॉपिटी

अवांतर, महायुद्ध पहिलं: हरदित सिंग मलिक १९१७ मध्ये सॉपविथ कॅमल विमानावर असताना पायात गोळ्या लागल्या. त्यातल्या दोन शेवटपर्यंत काढल्याच नाहीत. त्या घेऊनच आयसीएस, कॅनडात उच्चायुक्त, फ्रान्समध्ये राजदूत. निधन १९८५.

तिरकाडोळा

जपानी वैमानिक सबुरो सकाई राहिले. ७ ऑगस्ट १९४२, ग्वाडलकॅनाल. मागून बघताना लढाऊ वाटलेली विमानं निघाली बॉम्बर, मागे बंदूकवाले बसलेले. डोक्यात गोळी लागली, उजवा डोळा गेला. तशात पावणेपाच तास उडवत रबाऊलला परत. युद्धानंतर छापखाना चालवला.

पिंपळपान

पण ते १९४४ मध्ये पुन्हा लढले ना? एका डोळ्याने अंतर कसं कळणार?

तिरकाडोळा

अंतराची अडचण तितकी नव्हती. दोन डोळ्यांच्या खोलीच्या अंदाजाचा दोनशे मीटरपलीकडे फारसा उपयोग नसतो. तिथे अंतर कळतं ते पंख किती रुंद दिसतात त्यावरून, मास्तरांच्या साइटसारखंच. अडचण ओळखण्याची आणि आंधळ्या बाजूची. इवो जिमावर ते लांबून दिसलेल्या विमानांना आपलीच झीरो (जपानी लढाऊ विमानं) समजून त्यांच्यात सामील व्हायला गेले. जवळ गेल्यावर कळलं की पंधरा अमेरिकन हेलकॅट आहेत.